शाटेनमोरेलची बरणी

मित्रांनो, मी एक जुनी काचेची बरणी आहे. जुनी म्हणून नाक मुरडू नका, मी जर्मनीहून विमानाने आले आहे! तेव्हा माझ्या पोटात आंबट चेरी होत्या आणि अंगावर त्यांचं नाव, 'शाटेनमोरेल'. चाकणच्या एका कंपनीतल्या पाहुण्याने त्या चाटूनपुसून खाल्ल्या. तिथे स्वयंपाक करणाऱ्या रुक्सानाबींनी मला धुऊन कुरुळीला, नवऱ्याच्या, शौकतभाईंच्या बेकरीत आणलं.

त्यांनी मला केकवरच्या लाल चेरींनी भरलं. गिऱ्हाईक लेबल वाचून म्हणे, वा, परदेशी माल! शौकतभाई नुसते हसत. खरं काय ते मलाही ठाऊक होतं, पण कौतुक कुणाला नको असतं?

मग त्यांच्या सातवीतल्या लेकीला, महेकला शाळेच्या प्रदर्शनासाठी 'नावांच्या गोष्टी' हा विषय मिळाला. तिने थेट माझंच लेबल धरलं. शेजारच्या आम्रपालीताईला जर्मन येतं. तिने सांगितलं, शाटेन म्हणजे सावली. कुणी म्हणतं, हे झाड सावलीतही फळतं म्हणून हे नाव. कुणी म्हणतं, फ्रान्समधल्या मोरेय नावाच्या शातोवरून, म्हणजे गढीवरून. मोंमोरेंसी चेरीला गावाचं नाव मिळालं, मरास्का चेरीला कडूपणाचं. उर्दूत हिला आलूबालू म्हणतात, ही भर रुक्सानाबींनी घातली. महेक तर उड्याच मारायला लागली! उद्या ती मला शाळेत नेणार होती आणि सगळ्यांना दाखवणार होती, ही बघा खरी शाटेनमोरेल.

शौकतभाईंचा पीठ मळणारा हात थांबला. लेक भर शाळेत खोटी पडणार होती, तीही त्यांच्या हसण्यापायी. माझाही जीव टांगणीला लागला.

"बेटा, ही चेरी न्हाई," ते म्हणाले. "करवंद हाय. बी काढून, रंगवून पाकात मुरवलेलं."

महेक आता रडणार, असं मला वाटलं. तिने एक लाल फळ तोंडात टाकलं आणि डोळे मिटून चघळलं.

"मग अब्बू, करवंदाच्या नावाची गोष्ट काय?"

"म्हाईत न्हाई. आजवर कुणी विचारलंच न्हाई."

शौकतभाईंनी हात पुसले, कागदावर ठळक अक्षरांत 'करवंद' लिहिलं आणि स्वतः माझ्या अंगावर चिकटवलं. प्रदर्शनात महेकने चेरीच्या सगळ्या गोष्टी सांगितल्या. 'करवंदाची गोष्ट मी अजून शोधतेय', असं सांगून तिने माझ्यातली करवंदं हातोहात वाटली. पोरांची ही रांग लागली!

मित्रांनो, जुन्या बरण्या फेकू नका, धुऊन वापरा. मात्र आत जे भराल, तेच बाहेर लिहा. परक्या नावावर मी वर्षानुवर्षे फुगून बसले होते. त्या दिवशी मात्र खऱ्या नावाने तासाभरात रिकामी झाले, आणि इतकी हलकी मी कधीच नव्हते.