दुखरे हात

जिल्ह्याच्या पूर्वेकडच्या त्या कोरड्या तालुक्यात कल्याण डॉक्टरांच्या हाताला गुण होता. ऊसतोडीहून परतलेल्या, दिवस भरलेल्या बाया टेम्पोतून उतरायच्या त्या थेट त्यांच्या दवाखान्यात. बाळ पायाळू असलं, डोक्याऐवजी पाय आधी आले, तरी डॉक्टर बिचकत नसत. वीज गेली तर त्यांची बायको हेमलता बॅटरी धरून उभी राही.

लोकांनीच त्यांना निवडणुकीला उभं केलं. "बाळंतपणासाठी एकाही बाईला नगरला जावं लागणार नाही," असं ते प्रत्येक सभेत सांगत. ते आमदार झाले. सरकारी दवाखान्याची इमारतही उभी राहिली. पण पक्षाच्या मोठ्या पुढाऱ्याच्या मेव्हण्याच्या माळावर, जिथं ना पाणी ना रस्ता. डॉक्टर गप्प बसले. गप्प बसलं तरच पुढचं तिकीट मिळणार होतं. त्या दवाखान्यात एकही डॉक्टर टिकला नाही, आणि त्यांच्या स्वतःच्या दवाखान्याचं संपर्क कार्यालय झालं.

दुसरी निवडणूक तोंडावर आली होती. एके सकाळी कार्यालयात माणसं बसलेली असताना भीमा नावाचा ऊसतोड्या आपल्या बायकोला, सुकन्याला, टेम्पोतून घेऊन आला. सोबत त्याची आई भागूबाई. माळावरच्या दवाखान्याला कुलूप होतं, म्हणून ते इकडं वळले होते.

"डॉक्टर, माझी लेक तुमीच सोडवली हुती," भागूबाई म्हणाली. "हिला बी बघा."

डॉक्टरांनी आतल्या खोलीत सुकन्याला तपासलं. बाळाचं एक पाऊल बाहेर दिसत होतं. नगरपर्यंत वेळ नाही, हे त्यांना त्याच क्षणी कळलं. हेमलतानं न सांगता पाणी उकळत ठेवलं आणि जुनी बॅग काढली.

"ते आत ठेव," ते हळूच म्हणाले.

"का?"

"पाच वर्षं झाली बाळंतपणाला हात लावून. बाहेर सगळे मोबाईल घेऊन बसलेत. काही बरंवाईट झालं तर विरोधक त्याचा व्हिडिओ गावोगाव फिरवतील."

"आणि वाटेत झालं तर?"

ते दाराकडं वळले. सुकन्यानं त्यांची बाही धरली. "डॉक्टर, तुमीच करा ना."

"नगरला चांगली सोय आहे, बाळा," असं म्हणून त्यांनी बाही सोडवून घेतली.

मग ते बाहेर आले आणि सगळ्यांसमोर फोन करत सुटले. ॲम्ब्युलन्सला, नगरच्या मोठ्या डॉक्टरला, पोलिसांना, रस्ता मोकळा ठेवा म्हणून. कुणीतरी त्याचा व्हिडिओ काढला. संध्याकाळपर्यंत तो तालुकाभर फिरला.

बाळ वाटेतच गेलं. मान अडकली होती. सुकन्या वाचली, पण तिची पिशवी काढावी लागली.

भागूबाई चार माणसांत रडत सांगायची, "आमच्या नशिबात नव्हतं. पण सायबांनी लई धडपड केली. आमच्यासारख्यासाठी कोन एवढे फोन करतं?"

हेमलता त्या दिवसापासून नवऱ्याच्या प्रचाराला गेली नाही. कुणी विचारलं तर पाय दुखतात म्हणे.

कल्याण डॉक्टर आधीपेक्षा जास्त मतांनी निवडून आले. मिरवणूक भागूबाईच्या वस्तीवर पोचली तेव्हा तिनं त्यांना ओवाळलं. सुकन्या दाराशी उभी होती. रागावल्यासारखी वाटत नव्हती; खूप दिवस मनात घोळलेलं काही विचारावं तशी पुढं आली.

"डॉक्टर, त्या दिवशी तुमचे हात दुखत हुते का?"

आजूबाजूची माणसं थांबली. डॉक्टरांनी तिच्याकडं पाहिलं, मग आरतीच्या ताटाकडं.

"हो," ते म्हणाले. "दुखत होते."

"बघ, मी म्हनलं न्हवतं?" भागूबाई सुनेला म्हणाली. "हात चालत असते तर त्यांनी तसंच सोडलं असतं व्हय तुला?"

सुकन्यानं मान हलवली. तिचं समाधान झालं होतं. "तिळाचं तेल कोमट करून चोळा," ती म्हणाली. "उतार पडंल."

"चोळतो," डॉक्टर म्हणाले आणि गाडीत जाऊन बसले. कार्यकर्त्यांनी काचेवर गुलाल उधळला आणि गाडी पुढच्या वस्तीकडं निघाली.