रग्बीचा चिखल

आपेलू फोनोती क्रिकेटच्या नादाला लागला तेव्हा त्याच्या घरात खेळ म्हणजे रग्बी, बाकी सगळा टाइमपास. न्यूझीलंडमधल्या पोरिरुआच्या त्या टेकडीवर सामोअन घरात मुलगा जन्मला की बाप आधी त्याच्या मांड्या चाचपून बघतो. आपेलूचा बाप तानिएलू तर तरुणपणी रग्बीत दोनदा नाक मोडून घेतलेला माणूस. ते वाकडं नाक मिरवत तो आता गावातली बस चालवायचा आणि चढणाऱ्या उतरणाऱ्याला ऐकवायचा, "माझा धाकटा माझ्या वरताण निघणार, लिहून ठेवा."

धाकट्याने शाळेत एकदा क्रिकेटला एक गडी कमी पडला म्हणून चेंडू हातात घेतला आणि पहिल्याच चेंडूवर मधली दांडी मोडली. त्या 'कडाक' आवाजाने पोरगं कामातून गेलं. पण बापाला सांगायचं कसं? मग तो रोज "रग्बीच्या सरावाला जातो" म्हणून बाहेर पडायचा, क्रिकेटच्या मैदानावर तीन तास गोलंदाजी करायचा, आणि परतताना बागेतल्या नळाखाली रग्बीची जर्सी चढवून चिखलात मनसोक्त लोळायचा.

एका उन्हाळ्यात महिनाभर पावसाचा थेंब नव्हता. तरी आपेलू चिखलाने माखलेला.

"काय रे," आई मरेता म्हणाली, "तुमचं मैदान आहे की अळूचा वाफा?"

"पाणी मारतात, आई. गवतासाठी."

"तुलाच लावलंय वाटतं," म्हणत तिने जर्सी चिमटीत धरून बादलीत टाकली.

पांढरे कपडे आणि बूट थोरल्या बहिणीच्या, तालिताच्या घरी लपवलेले. ती गप्प बसायची, पण फुकट नाही. दर शनिवारी आपेलूने तिची जुळी सांभाळायची, शिवाय संडास घासायचा. "नको असेल तर सांग," ती म्हणायची, "बाबांना फोन करायला मला अर्धं मिनिट लागतं."

असं दोन वर्षं चाललं. रविवारी चर्चहून आल्यावर जेवताना बाप रग्बीतल्या गुणांचा हिशेब हमखास विचारायचा, "या आठवड्यात किती ट्राय?"

"दोन."

"मागच्या आठवड्यात पण दोन. त्याच्या मागच्या आठवड्यातही दोनच. तिसरा काय पुढच्या जन्मी?"

आणि मग बापाने कहर केला. दोन चर्चच्या रग्बी सामन्यात त्याने आपेलूचं नाव परस्पर देऊन टाकलं. समोरच्या संघात आपेलूचे तीन मावसभाऊ होते, एकेक दारात मावणार नाही असा. पहिल्या पाच मिनिटांत तिघे एकदम अंगावर पडले. आपेलूला आभाळ दिसलं, मग तेही दिसेना. घरी बापाने त्याच्या बरगड्यांना खोबरेल चोळलं आणि कौतुकाने म्हणाला, "काय सुरेख पडलास रे! आम्ही असेच पडायचो."

विसाव्या वर्षी प्रांताच्या क्रिकेट संघाने आपेलूला करार देऊ केला. सोमवारी नावं पेपरात येणार होती. आता पळवाट उरली नाही.

"रविवारी जेवताना सांग," तालिता म्हणाली. "पाद्रीबाबा जेवायला आहेत. त्यांच्यासमोर बाबा हात उचलणार नाहीत."

रविवारी आपेलू वडीलधाऱ्यांना वाढत होता. "बाबा, मला काहीतरी कबूल करायचंय."

"आधी पाद्रीबाबांना डुकराचं मटण वाढ."

त्याने वाढलं. "बाबा, ते मी–"

"अळूची पानं संपली बघ त्यांच्या ताटातली."

तीही वाढली. मग मात्र डोळे घट्ट मिटून तो एका दमात बोलला, "मी रग्बी खेळत नाही. दोन वर्षांत सरावाला एकदाही गेलो नाही. मी क्रिकेट खेळतो."

पाद्रीबाबा चावत राहिले. आईने पदराच्या जागी टेबलावरचा पंचा तोंडाला लावला, तिचे खांदे हलायला लागले. आपण आईला रडवलं, असं आपेलूला वाटलं.

"क्रिकेट!" तानिएलूने कपाळाला हात लावला. मग हात काढून म्हणाला, "बरं, मला एक सांग. चेंडू टाकताना तुझा पुढचा पाय रेषेच्या बाहेर का पडतो? मागच्या मंगळवारी चार नो-बॉल टाकलेस."

आपेलूच्या हातातला डाव खाली पडला.

आई रडत नव्हती. हसून हसून तिचा जीव चालला होता.

तानिएलूची बस रोज सव्वाचारला त्या मैदानाच्या भिंतीजवळून जायची. बसच्या खिडकीतून भिंतीपलीकडचं सगळं दिसतं. पहिल्याच आठवड्यात बापाने पोराला ओळखलं, आणि तेव्हापासून ती बस तिथे तीन मिनिटं उभी राहायची. इंजिन तापतं, असं तो सांगायचा. उतारूही शहाणे, सगळे डाव्या बाजूला येऊन बसायचे.

"चार नव्हे, पाच," पाद्रीबाबा मध्येच म्हणाले. "म्हणजे नो-बॉल. मी होतो ना तिसऱ्या सीटवर."

"तुम्हीसुद्धा?" आपेलू रडकुंडीला आला. "मग त्या मावसभावांच्या तोंडी मला कशाला दिलंत?"

"खोटं किती ताणतोस ते बघत होतो. तुझी आई म्हणाली, महिन्यात फुटेल. मी म्हटलं, माझा मुलगा आहे, वर्ष काढेल. दोन काढलीस!" बापाचा आवाज जरा खाली आला. "आणि सांगायचं तूच होतंस, मी कसं सांगणार? पण एक पटलं मला. पोरगा रोज नळाखाली लोळायला तयार आहे, म्हणजे त्या खेळात काहीतरी असणार."

आपेलू तिथेच बसून रडला. मग पाद्रीबाबांनी त्याच्या हातात ताट दिलं आणि तो जेवला.

पहिल्या सामन्याला चर्चचं अख्खं गायनमंडळ आलं. ठरलं होतं, आपेलूने पहिली विकेट घेतली की सगळ्यांनी उभं राहून स्तोत्र म्हणायचं. उत्तरेचा वारा असा, की टोप्या समुद्राकडे निघालेल्या. आपेलूने दिवसभर घाम गाळला, चौकार खाल्ले, विकेट मात्र नाही. चाळीस माणसं घसा खाकरत बसून राहिली आणि संध्याकाळी तशीच घरी गेली.

दुसऱ्या दिवशी सगळ्यांना कामं होती. बाप बसवर. प्रेक्षकांत एकटी मरेता, मांडीवर जेवणाचा डबा घेऊन. अकराच्या सुमाराला आपेलूच्या चेंडूने मधली दांडी उखडली. खेळाडू त्याच्या पाठीवर थापा मारत होते, तेवढ्यात लाकडी बाकांकडून एक बेसूर आवाज आला. मरेता उभी राहून एकटीच चाळीस जणांचं स्तोत्र गात होती.

पुढे आपेलू अकरा मोसम खेळला. पाठीने दगा दिला, देशाच्या संघात काही जाता आलं नाही. पण त्या दिवशी नवा फलंदाज तयार होऊन उभा असतानाही तो चेंडू हातात धरून थांबून राहिला. पंचांनी घड्याळ पाहिलं. कडवी चार होती, आणि मरेताने एकही गाळलं नाही.