एकेचाळीस जणांचा ताप

राजाराम शिवलकर सरांची अख्खी विद्वत्ता हिवतापावर उभी होती. सर डॉक्टर होते, पण इतिहासातले. रत्नागिरीच्या कॉलेजात शिकवता शिकवता त्यांनी एकच प्रश्न धरून ठेवला होता: बेचाळीस साली सगळा देश पेटलेला असताना पालीजवळचं कुवेशेत थंड का राहिलं? उत्तर त्यांना कचेरीच्या दप्तरखान्यात सापडलं. गावच्या पोलीस पाटलाने दर आठवड्याला मामलेदाराला मोडी लिपीत रपोट धाडले होते. 'केरू धोंडू, तापाने फणफणला, अंथरुणातून उठत नाही.' 'बाबू राघो, तोच ताप.' दोन महिन्यांत एकेचाळीस गडी आडवे! शेजारच्या कोल्हापूर रस्त्यावरच्या तारायंत्राच्या तारा मात्र चारदा तुटल्या. त्या 'परगावच्या इसमांनी' तोडल्या, असंही पाटलाने कळवलं होतं. सरांनी तापाचा आलेख काढला, सरकारने गावाला हिवतापावरच्या कोयनेलच्या कडूजहर गोळ्या पाठवल्याचा कागद पुरावा म्हणून जोडला आणि एकाहत्तर साली डॉक्टरेट पटकावली. पोरं मागून 'हिवताप सर' म्हणत. सरांना ते ऐकू येई आणि, खरं सांगायचं तर, आवडेही.

चौऱ्याऐंशी साली पुण्याच्या एका प्रकाशकाने त्यांचं पुस्तक छापायला घेतलं. तो पाटील हयात असला तर त्याचा फोटो हवा, असं त्याने कळवलं. एवढ्या वर्षांत सरांना कुवेशेतला जायची गरज वाटली नव्हती; कागद बोलत असताना माणसांना कशाला त्रास द्यायचा? गळ्यात कॅमेरा अडकवून ते पालीला एस.टी.तून उतरले आणि चालत निघाले.

भिकाजी पाटील आता ऐंशीच्या घरातले. ओटीवर बसून सुपारी सोलत होते. सरांनी नमस्कार केला आणि मोठ्या कौतुकाने तापाचं प्रकरण वाचून दाखवलं. म्हातारा शांतपणे ऐकत होता. मग त्याचे खांदे हलायला लागले. मग ठसकाच लागला. आतून त्याची बायको येसूबाई पाण्याचा तांब्या घेऊन धावत आली.

"अगो, आयकलंस काय? मास्तरांस आपला ताप खरा वाटला!"

"म्हणजे?" सरांनी विचारलं.

"म्हंजे काय? गडी रातचे तारा तोडायला जायाचे आनि दिवसाचे झोपायाचे. फौजदारान इचारलान, तर काय सांगू? ताप बरा. तापाला पुरावा कोन मागतो?"

"पण सरकारने कोयनेल पाठवलं होतं!"

"धाडलान तर!" येसूबाई पदराने डोळे पुसत म्हणाली. "दागतर समोर बसून गिलायला लावायचा. येकेचालीस जन धडधाकट, आनि सगल्यांच्या कानात आठ दिस भुंगे. तुरुंग परवडला, असा बोलायचे."

सरांना दरदरून घाम फुटला. "पाटील, पुस्तक छापखान्यात आहे हो! हे खरं असेल तर ते थांबवायला हवं. माझी डॉक्टरेट, माझं नाव, सगळं या तापावर आहे. जग हसेल मला."

"मंग नका थांबवू. मी कुठं सांगत फिरतंय?"

खोटं कशाला बोला, सरांना मोह झाला. चांगला पाच मिनिटं झाला. प्रकाशक पुण्यात, मामलेदार स्वर्गात, कळणार कोणाला? पण एकेचाळीस माणसांनी जीव धोक्यात घातला आणि आपण त्यांना रोगी ठरवलं, तेही आलेख काढून, या विचाराने त्यांना स्वतःचीच लाज वाटली. त्यांनी वही उघडली.

"सांगा, पाटील. अगदी पहिल्यापासून."

"पुन्यांदा माजाच आयकताव?" पाटील म्हणाले. "येकदा फसलात तेवढा पुरे न्हाय? उठा, घरोघर जावा. त्यो केरू अजून जिता हाय."

सर उठले. केरू धोंडू आपल्या अंगणात नारळाच्या झावळ्यांचे झाप विणत बसला होता. सत्तरी ओलांडलेला, पण अंगाने काटक. सरांनी पेन सरसावलं.

"केरूबाबा, बेचाळीस साली तुम्हाला ताप आला होता का?"

केरूने त्यांची पँट पाहिली, वही पाहिली, कॅमेरा पाहिला आणि भर उन्हात अंग आक्रसून घेतलं. "व्हता तर सायेब! मरता मरता वाचलो."

"किती दिवस होता?"

"पाटलांनी ल्हिवलेत तितके."

सरांना हसू आलं आणि भरूनही आलं. इंग्रज जाऊन सदतीस वर्षं झाली, पण हा माणूस एका प्राध्यापकासाठी पाटलांचा शब्द मोडायला तयार नव्हता. त्यांनी वही पिशवीत कोंबली, केरूशेजारी जमिनीवरच बसकण मारली आणि आपली फजिती कशी झाली ते आधी सगळं सांगून टाकलं. कोयनेलचं नाव निघालं तेव्हा केरूचं तोंड आपसूक वाकडं झालं. मग तो खो खो हसला आणि झाप बाजूला सारून बोलायला लागला.

संध्याकाळी पालीच्या पोस्टातून पुण्याच्या प्रकाशकाला तार गेली: 'छपाई थांबवा. सर्व रुग्ण ठणठणीत.'