खिळ्यावरचे मुसके आणि बुटके स्टूल

मी एक जुने चामड्याचे मुसके आहे. मित्रांनो, कुत्र्याने चावू नये म्हणून त्याच्या तोंडाला बांधतात ना, तेच. जनावरांच्या दवाखान्यात दाराजवळच्या खिळ्याला मी टांगलेले असते. खोटे कशाला बोलू, समोरच्या बुटक्या स्टुलाचा मला फार हेवा वाटतो.

चांभाराने मला दुहेरी टाक्यांनी शिवले. थोरले डॉक्टर होते तेव्हा माझा केवढा मान! कंपाउंडर दर शनिवारी मला तेल चोळायचा आणि म्हणायचा, "हे आहे म्हणून माझी दहाही बोटं जागेवर आहेत."

मग थोरल्यांच्या जागी त्यांची लेक आली, डॉक्टरताई. ताईंनी ते स्टूल आणले. जनावर आले की त्याला खोलीत मोकळे सोडायचे आणि आपण स्टुलावर बसून नुसते बघायचे! स्टूल रोज पुसले जाई. माझे चामडे तडकू लागले.

एके दिवशी शिंपीकाका आपल्या बटणला, पाच वर्षांच्या कुत्र्याला, घेऊन आले. महिनाभर पट्टा घालायला गेले की तो चावे. परवा त्याने काकांच्या नातीच्या मनगटात दात रुतवले होते.

"ताई, याला कायमचं झोपवा," काका भिंतीकडे बघत म्हणाले. "घरात लेकरू आहे हो."

सांगायला लाज वाटते, पण मला आनंद झाला. आता गरज माझीच! कंपाउंडरने मला बटणच्या तोंडावर आवळले तसा तो पिसाटला.

"बघा! आणि तुम्ही याला मोकळा सोडणार होतात?" कंपाउंडर ताईंना म्हणाला.

"काढ ते," ताई म्हणाल्या. "मला त्याचं तोंडच दिसत नाहीये."

मी परत खिळ्यावर. ताई स्टुलावर, पाठ अर्धी वळवून. हळूहळू बटण निवला. त्यांनी टाकलेले बिस्किट त्याने मान वाकडी करून उजवीकडेच चावले.

"काका, हा डावीकडनं चावतच नाही."

गुंगीचे औषध देऊन पाहिले तर डावी दाढ चिरलेली, मुळाशी पू. पट्टा घालताना हात तिथेच लागे. माझी पट्टीही नेमकी तिथेच रुतली होती.

"म्हणजे हा सांगत होता, अन् मी याला मारायला आणलं?" काका बटणच्या डोक्यावर हात ठेवत म्हणाले.

"आता ऐकलंत ना? दाढ काढू, मग न्या घरी."

जाताना काकांनी स्टुलावरून हात फिरवला. माझ्याकडे कुणी पाहिलेसुद्धा नाही. मत्सर वाईट, हे कळते, वळत नाही.

तरी मित्रांनो, एक विनवणी. भीती वाटली तर मला जरूर बांधा. पण त्याआधी त्या मुक्या जिवाकडे दहा मिनिटे बघा. तेवढा वेळ मी जळत बसेन. बसू दे.