चारशे बारावी फाईल

जगात खरोखर नष्ट असं काहीच होत नाही. निदान मोंतेविदेओच्या आमच्या कृषी महाविद्यालयात तरी, विभागप्रमुखांच्या सहीशिवाय नाही.

हंगामी व्याख्याती नेल्बा इतुर्रालदेने ते सहीशिवाय केलं. तिच्या अकरा वर्षांच्या माती-परीक्षणाची डिस्क युनिक्स पद्धतीची. ती तिने कार्यालयातल्या साध्या संगणकाला लावली. त्याला ती वाचता येईना, म्हणून त्याने विचारलं, फॉरमॅट करू का, म्हणजे पुसून कोरी करू का? कार्यालयातून आलेल्या प्रश्नाला नेल्बा आजवर होच म्हणत आली होती. शुक्रवारी कायम प्राध्यापकपदाची निवड होती, आणि ही मोजमापं जोडल्याशिवाय तिचा अर्ज कोणी हातात धरणार नव्हतं.

तंत्रज्ञ एल्बियोने येर्बाच्या चहाची नळी तोंडातून न काढता विचारलं, "त्यानंतर हिच्यावर काही लिहिलंत, बाई?"

"नाही."

"मग वाचलात. रडायचं तर लांब उभं राहून रडा."

त्याने डिस्कची जशीच्या तशी प्रत काढली, मूळ डिस्क कपाटात कुलपात ठेवली आणि प्रतीतून फायली तिसऱ्याच डिस्कवर वेचल्या. काम निर्दोष. फायली आल्या, नावं तेवढी गेली. नावांच्या जागी उरले नुसते क्रमांक. आमच्याकडचा नियम असा, की सापडलेली प्रत्येक फाईल विभागप्रमुखांनी उघडायची, मोठ्याने वाचायची आणि तिला नाव द्यायचं.

विभागप्रमुख डॉ. ओद्रिओसोला चष्मा पुसून बसले. माती, माती, माती. चारशे बाराव्या फायलीवर थांबले.

"'ओद्रिओसोला हा विद्वान नसून खुर्चीवर ठेवलेलं पोतं आहे,'" त्यांनी सावकाश वाचलं. "कुलगुरूंना पत्र. निनावी. नेल्बा, हे मातीत कसं?"

"ते मी पुसलं होतं, साहेब. तीन वर्षांपूर्वी. पाठवलंसुद्धा नव्हतं."

"मुद्दाम पुसलेलं काय आणि चुकून पुसलेलं काय, डिस्कला सारखंच," एल्बियो अभिमानाने म्हणाला. "अजून सहा मसुदे आहेत. एकात पोत्याच्या जागी बोकड आहे."

"वाचू या. नियम आहे."

ओद्रिओसोलांनी सातही वाचले. बोकडाच्या वाक्यातला स्वल्पविराम दुरुस्त केला. प्रत्येकाला नाव मात्र नेल्बाला द्यायला लावलं, आणि ती पुटपुटू लागली की ते "जरा मोठ्याने, बाळ," म्हणायचे.

अर्ज मोजमापांसह वेळेत दाखल झाला. निवड समितीचे अध्यक्ष ओद्रिओसोलाच होते.

त्या पदासाठी अर्ज एकच आला होता. जागा योग्य उमेदवाराअभावी रिकामी ठेवण्यात आली.