चाळीस किलोचं तेल

थोरलीनं नळावर हंडा आपटला आणि सगळ्या बायकांदेखत सांगून टाकलं, "घाणेवाल्यानं माझं तेल खाल्लं!"

थोरली म्हणजे घरातली मोठी सून. बोलायला फटकळ, पण उगाच कुणावर आळ घेणारी नव्हे. म्हणून तर बायकांनी लगेच कान टवकारले.

"चाळीस किलो सोयाबीन दिलं गं. दाणा न् दाणा निवडलेला. आणि हातावर काय टेकवलं? साडेचार किलो! भुईमूग द्यायचे तेव्हा डबा भरून यायचा."

बोलणं नळावरून घराघरांत गेलं. आठवडाभरात घाण्यावर कुणी फिरकेना, त्याचा आवाज बंद पडला. पण थोरलीचं तेवढ्यानं भागेना. चोराला रंगेहाथ पकडायचं म्हणून दुसरं पोतं घेऊन ती घाण्यावर गेली.

"समोर बसून काढून घेणार," ती म्हणाली.

"बसा की वहिनी. फक्त मशीनच्या पट्ट्यापासून जरा लांब."

त्यानं दाणे चाळले, भरडले, मोठ्या कढईत हातानं अंदाज घेत गरम केले. घाणा सुरू झाला तशी पत्र्याची खोली थरथरायला लागली. एका तोंडातून पेंडीचे चपटे तुकडे भराभर पडू लागले. तेल मात्र खालच्या फटीतून दोऱ्याएवढं, गढूळ पिवळं. थोरलीनं पापणी लवू दिली नाही. पेंडीचा ढीग गुडघ्याला लागला, तरी पातेलं काही भरेना.

"एवढंच?"

"सोयाबीनला मुळातच तेल कमी, वहिनी. राहिलेलं पेंडीत जातं. ते काढायला मोठा कारखाना लागतो, आपल्या घाण्याचं काम नाही."

"मग मागच्या वेळी का नाही सांगितलं?"

"सांगितलं होतं. तुम्ही घाईत होता." त्यानं पातेल्याचा काठ बोटानं निपटला. "आणि तुमची तेव्हाची पेंड राहिलीय इथं. म्हशीला घाला, थोडी थोडी."

कोपऱ्यात खरंच पोतं होतं. तोंड शिवलेलं, उंदीर लागू नयेत म्हणून फळीवर चढवलेलं. थोरलीला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तेवढ्यात घाणेवाल्याच्या बायकोनं पाण्याचा तांब्या आणून समोर ठेवला. त्या दिवशी नळावर तीही होती. रांगेत सगळ्यात मागं.

संध्याकाळी नळावर जाऊन तिनं सांगितलं, "मी चुकले. त्यानं थेंब घेतला नाही."

"का गं, तुझाही वाटा ठरला वाटतं?" एकजण म्हणाली, आणि सगळ्या हसल्या. खोटं एक हंडा भरेस्तोवर खपलं होतं. खरं कुणी उचलेना.

दुसऱ्या दिवशी सकाळीच ती शेजारणीच्या दारात उभी राहिली. "तुझं सोयाबीनचं पोतं दे. घाण्यावर चल, डोळ्यांनी बघ. तेल कमी वाटलं तर माझ्या घरातलं भरून देईन." शेजारीण कुरकुरत निघाली. पोतं थोरलीनं स्वतःच्या डोक्यावर घेतलं आणि गल्लीभर लोक बघत असताना चालत नेलं.

घाणा पुन्हा सुरू झाला. घाणेवाल्याची बायको बाकावर सरकली, शेजारी जागा केली. "बसा ना."

थोरलीला बसवेना. चाळणी ओढून घेऊन ती उभ्यानंच दाणे चाळत राहिली, मान खाली घालून.