ताईंनी धुतलेला सिनेमा

माझा खडखडाट जरा सोसा, मित्रांनो. वय झालंय. मी एक जुना फिल्म-प्रोजेक्टर आहे. उमेदीची वर्षं मी एका शाळेत काढली. दर शनिवारी मुलांना बेडकाचं आयुष्य दाखवायचो. काय मान होता मला! पुढे नवी यंत्रं आली आणि माझी रवानगी अडगळीत झाली. सात वर्षं कोळ्यांनी माझ्यात संसार थाटले.

तिथून मला एका बाईंनी उचलून आणलं. बाई सिनेमे करतात, पण कॅमेऱ्याशिवाय. कोऱ्या पारदर्शक फिल्मवर, नखाएवढ्या एकेका चौकटीत, त्या शाईनं रंगवतात. मग लोकांसमोर मला सुरू करून माझ्या उजेडात स्वतः नाचतात. त्यांच्या पांढऱ्या कपड्यांवर रंग नुसते पळत सुटतात. याला सिनेमा म्हणावं की नाच, देव जाणे. मजा येते, हे मात्र खरं!

बाईंच्या थोरल्या बहिणीला आम्ही सगळे ताई म्हणतो. बाई रंगवतात त्याच खोलीत त्या कपडे शिवतात. तीन महिने खपून बाईंनी नवी फिल्म रंगवली. कार्यक्रमाच्या दिवशी दुपारी त्या बाहेरून आल्या, तर फिल्म दोरीवर वाळत होती. लख्ख, कोरी!

"केवढी बरबटली होती गं!" ताई कौतुकानं म्हणाल्या. "साबण लावून एकूण एक डाग काढला बघ."

बाईंनी दोरीवरची फिल्म हातात घेतली. "ताई, ते डाग नव्हते. तोच सिनेमा होता."

ताईंचा चेहरा पांढराफटक पडला. "जळले मेले माझे हात!" म्हणत त्या रडायला लागल्या. संध्याकाळी लोक येणार, आणि मी काय दाखवणार?

बाईंनी ताईंचे तेच हात आपल्या हातांत घेतले. मग म्हणाल्या, "चल माझ्याबरोबर. मी नाचेन, तू रंगव."

"मला कुठे चित्र काढता येतं?"

"मला तरी कुठे येतं!"

संध्याकाळी सभागृह भरलं. बाईंनी फिल्मची टोकं जोडून मोठं वेटोळं केलं. माझ्यातून निघालेली फिल्म ताईंच्या बोटांखालून सरकत पुन्हा माझ्यात यायची. मशीनवर कापड सरकावं तशी त्यांनी ती सरकू दिली आणि ब्रश टेकवला. त्यांना एकच गोष्ट येत होती, टाके घालणं. ते त्यांनी घातले. भिंतभर निळे टाके धावू लागले! बाई त्यांतून पळत होत्या, अडकत होत्या, शिवल्या जात होत्या. लोक हसून हसून बेजार झाले आणि मग उभे राहून टाळ्या वाजवत राहिले. ताई ब्रश धरून तशाच बसल्या होत्या, आता आनंदानं रडत.

ओल्या शाईनं फिल्म ओढणारे माझे दात, भिंग, सगळं निळं झालं. दुसऱ्या दिवशी मला पुसायला ताईच बसल्या. दर ठिपक्यापाशी थांबून त्या विचारायच्या, "हा डाग आहे की सिनेमा?"

मित्रांनो, जुन्या वस्तूंची निगा राखा, त्यांचं तेलपाणी करा, त्यांना पुसा. फक्त फडका लावण्याआधी ताईंसारखं एकदा विचारत जा.